पुढचा रविवार

'हंगाम' हा शब्द आमच्या अंकुशनगरात कोणी उच्चारला की ऐकणाऱ्यास त्याचा एकच अर्थ लागतो. अंबड तालुक्यातील महाकाळा गावाच्या शिवारात समर्थ सहकारी साखर कारखाना उभा राहिला, त्याच्या सावलीत ही वसाहत वाढली, आणि जायकवाडीच्या पाण्यावर भोवतालच्या जमिनीत ऊस डोलू लागला. दिवाळीच्या मागेपुढे बॉयलर पेटतो, गव्हाणीत पहिली मोळी पडते, आणि मग चार-पाच महिने या गावाचे घड्याळ म्हणजे कारखान्याचा भोंगा. चैत्राच्या सुमारास शेवटची गाडी रिकामी होते, ऊसतोड्यांच्या टोळ्या कोप्या मोडून आपापल्या गावी निघतात, आणि मांडव उतरल्यावर लग्नघरात पसरावी तशी शांतता वसाहतीवर पसरते. रसाचा ब्रिक्स पाहण्यात आणि साखरेचा उतारा मोजण्यात आमच्या आयुष्याची तीस वर्षे येथे गेली. नोकरी संपली तरी आम्ही येथेच राहिलो. कारण भोंग्यावाचून आम्हास झोप येत नाही, ही गोष्ट पुण्यास लेकीकडे एक महिना काढल्यावर आमच्या ध्यानात आली.

परंतु आम्ही जन्माने कोल्हापूरचे; आणि कोल्हापुरात हंगाम दोन असतात. एक उसाचा व दुसरा फुटबॉलचा. दोन्ही हिवाळ्याच्या तोंडाशी सुरू होतात आणि दोहोंनाही पाऊस येण्यापूर्वी आटोपावे लागते. पहिल्याने आमच्या पोटाची व्यवस्था केली. दुसऱ्याने आमच्या घरात भांडण लावले, व पुढे तेच मिटविले. ती हकीकत सांगावी, एवढाच या लेखाचा उद्देश.

कोल्हापूरच्या या वेडाची ज्यांस कल्पना नाही, त्यांच्यासाठी दोन शब्द सांगणे अवश्य आहे. महाराष्ट्रात अन्यत्र पोराच्या हाती बॅट येते, त्या वयात कोल्हापूरच्या पेठांतील पोराच्या पायाशी चेंडू येतो. त्याहून नवलाची गोष्ट ही की, हा विलायती खेळ तेथे तालमींच्या आश्रयाने वाढला. पाटाकडील तालीम मंडळ, खंडोबा तालीम मंडळ, दिलबहार तालीम मंडळ, बालगोपाल तालीम मंडळ ही नावे ऐकून परगावच्या माणसाच्या डोळ्यांपुढे लाल माती, लंगोट आणि मारुतीची मूर्ती उभी राहील; परंतु आज या नावांचा गाजावाजा होतो तो बहुतांशी फुटबॉलमुळे. शाहू महाराजांनी बांधविलेले खासबागेचे कुस्तीचे मैदान १९१२ साली खुले झाले. त्याच महाराजांचे नाव धारण करणाऱ्या स्टेडियमवर आता तालमींची मुले चेंडूमागे धावतात, आणि एका पेठेचा दुसऱ्या पेठेशी सामना असला म्हणजे पायऱ्यांवर तीळ ठेवावयास जागा उरत नाही. कोल्हापूर स्पोर्ट्स असोसिएशनच्या वरिष्ठ गटात सोळा संघ खेळतात. २०१७ साली सतरा वर्षांखालील मुलांची विश्वचषक स्पर्धा भारतात झाली, त्या वेळी आपल्या देशाच्या संघात कोल्हापूरचा अनिकेत जाधव होता, हे वाचून आमच्यासारख्या परदेशी पडलेल्या कोल्हापूरकरांची छाती दोन बोटे फुगली होती.

पण हा झाला वरच्या माळ्यावरचा प्रकाश. आमचा विषय तळमजल्याचा आहे. वरिष्ठ गटाच्या खाली आणखी गट असतात, आणि त्यांत असे संघ असतात की, ज्यांचे नाव गल्लीच्या दुसऱ्या टोकासही नीटसे ठाऊक नसते. आमच्या गल्लीचा संघ त्यांपैकीच एक. त्याचे नाव येथे देऊन त्यास अकारण प्रसिद्धीच्या संकटात आम्ही टाकीत नाही. त्याचा गोलरक्षक शिरोलीच्या एका फौंड्रीत पाळी करून येतो. बचावातला एक खेळाडू गुजरीत सोन्याचे डाग घडवितो. एक रिक्षा चालवितो. दोघे-तिघे महाविद्यालयात जातात असे घरी सांगतात. त्यांचा सामना पाहावयास येणारी माणसे हाताच्या बोटांवर मोजता येतात, आणि त्यांतही निम्मे राखीव खेळाडूंचे बाप असतात.

या संघाचे सर्वस्व म्हणजे आमचे वडील बंधू, दादा. त्यांना संघाचे चिटणीस म्हणावे, तर त्यांनी कधी कागदावर सही केलेली नाही. शिक्षक म्हणावे, तर मुले त्यांचे ऐकत नाहीत. चेंडूंत हवा भरणे, जर्सी धुऊन वाळत घालणे, लिंबे चिरणे, रुसलेल्या खेळाडूच्या घरी जाऊन त्याच्या आईच्या हातचा चहा पिणे, ही कामे गेली चाळीस वर्षे ते करीत आले आहेत. आम्ही शिकलो, नोकरीस लागलो, चारशे किलोमीटर दूर येऊन चार पैसे शिल्लक टाकले. दादांनी बाजारपेठेत दिवाणजीची नोकरी केली आणि उरलेला जीव या संघात घातला. त्यांच्या या उद्योगाकडे आम्ही, खरे सांगावयाचे तर, कौतुकाने पाहत नव्हतो. चाळीस वर्षांत जो संघ एकदाही वरिष्ठ गटात गेला नाही, त्यापायी आयुष्य वेचण्यास आमच्या हिशेबी मनात कोणताच रकाना नव्हता.

२०१९ च्या ऑगस्टमध्ये पंचगंगेला महापूर आला. आमचे वडिलोपार्जित घर नदीच्या बाजूस. त्याची मागची भिंत बसली. आम्ही तत्काळ चाळीस हजार रुपये धाडले. दिवाळीस गेलो तो भिंतीच्या जागी अर्धी विटांची बांधणी आणि अर्धा पत्रा! चौकशी करता असे कळले की, पुराचे पाणी तालमीच्या खोलीतही शिरले होते, संघाचे बूट, चेंडू, जर्सी सगळ्यांचा चिखल झाला होता, आणि हंगाम तोंडावर आला म्हणून दादांनी आमच्या पैशांतून अठरा हजार रुपये तिकडे वळविले होते. "भिंत काय रं, पुढच्या वर्षी बी हुईल," ते म्हणाले, "पोरांनी अनवाणी खेळायचं व्हय?" यावर आम्ही जे बोललो ते येथे लिहिण्याजोगे नाही. बापाच्या घराची भिंत ज्यास बुटांपेक्षा हलकी वाटते, त्याच्याशी आमचा संबंध नाही, असा त्याचा मथितार्थ होता. पुढे २०२० मध्ये टाळेबंदी आली, जाणे-येणे आपोआपच खुंटले, आणि आमच्या अबोल्यास एक सभ्य कारण मिळाले. सणावारी आमच्या सौभाग्यवती वहिनींशी बोलत; आम्ही शेजारच्या खोलीत वर्तमानपत्र वाचीत असू, आणि कान मात्र त्या बोलण्याकडे असत.

गेल्या हंगामाच्या आरंभी एका रात्री पुतण्याचा दूरध्वनी आला. फौंड्रीत काम करणारा तो गोलरक्षक म्हणजे हाच. दादांच्या हृदयाची शस्त्रक्रिया झाली होती, आणि वैद्यांनी मैदानावर जाण्यास सक्त मनाई केली होती. "काका, दर रविवारी सामन्याच्या वेळेला तुम्ही आबांना फोन लावा," तो म्हणाला. "तुम्ही बोलत असला तर ते जागचे हलणार नाहीत. दुसऱ्या कुणाचं ऐकत नाहीत." ज्या माणसाशी पाच वर्षे आपण बोललो नाही, त्याला केवळ गुंतवून ठेवण्यासाठी बोलावयाचे, ही कामगिरी विचित्रच होती, पण नाही कसे म्हणावे?

पहिल्या रविवारी आम्ही फोन लावला. दोन्ही बाजूंस काही वेळ नुसता श्वास ऐकू आला. नंतर दादा म्हणाले, "तुमच्याकडं गाळप सुरू झालं का?" आम्ही म्हटले, "झालं." "उतारा किती?" आम्ही आकडा सांगितला. "आमच्या कोल्हापूरच्या मानानं कमीच," ते समाधानाने उद्गारले, आणि पाच वर्षांचा बांध तेथे फुटला. तेवढ्यात त्यांच्या घरातील दुसरा फोन वाजला. मैदानाच्या कडेस त्यांनी एक शाळकरी मुलगा उभा केला होता. तो तेथून खेळ सांगे, दादा तो आम्हास सांगत, आणि आम्ही अंकुशनगरच्या ओसरीवर बसून तो ऐकत असू. अशा रीतीने एका माणसाला सामन्यापासून दूर ठेवावयास नेमलेला दुसरा माणूस स्वतःच सामन्यात ओढला गेला.

त्या हंगामात आमच्या संघाच्या वाट्यास सात सामने आले. पहिले तीन आम्ही हरलो. ('आम्ही' हा शब्द येथे कधी शिरला हे आमचे आम्हासही कळले नाही.) तिसऱ्या पराभवानंतर आम्ही सांत्वनपर काही बोलू लागलो, तो दादा हसून म्हणाले, "आरं, हारलाव म्हणून काय झालं? पुढच्या रविवारी हाय की परत." चौथा सामना एका गोलने जिंकला. त्या दिवशी दादांनी तालमीतल्या मारुतीला नारळ फोडविला आणि आम्हास बजावले, "तुमच्या जांबच्या समर्थांना बी आमचा नमस्कार सांग." जांब हे रामदासांचे १६०८ सालचे जन्मगाव आमच्याच जिल्ह्यात, घनसावंगी तालुक्यात आहे, आणि त्यांनी स्थापलेल्या अकरा मारुतींपैकी मनपाडळे आणि पारगाव येथील दोन कोल्हापूर जिल्ह्यात. तेव्हा बलोपासनेचे हे दळणवळण दोन जिल्ह्यांत फार जुने आहे, असे म्हणावयास हरकत नाही. पाचवा सामना बरोबरीत सुटला. सहावा हरलो. जिंकल्यास तीन गुण, बरोबरीस एक. म्हणजे सहा सामन्यांचे मिळून चार गुण, आणि खाली आमच्यासारखाच गळ्यापर्यंत बुडालेला एकच संघ. शेवटची गाठ त्याच्याशीच होती. जिंकलो तर तरलो. न जिंकलो तर एक गट खाली.

या रविवारांच्या मधल्या दिवसांत 'पुढच्या रविवारी हाय की परत' हे दादांचे वाक्य आमच्या मनात घोळत राहिले. खेळाच्या स्पर्धा घेण्याच्या दोन पद्धती आहेत, आणि आपल्या भाषेने त्यांना जी नावे दिली आहेत, त्यांत सारे तत्त्वज्ञान साठलेले आहे. एक बाद पद्धत, दुसरी साखळी पद्धत. बाद पद्धतीत जो हरला तो बाद: खोट्या नाण्यासारखा बाजूस काढलेला. साखळीत कडीला कडी अडकविलेली असते. एक कडी कमजोर ठरली म्हणून तिला फेकून देता येत नाही, कारण मग साखळीच उरत नाही. १८८८ साली इंग्लंडात विल्यम मॅकग्रेगर नावाच्या कापडाच्या दुकानदाराने बारा संघांस एकत्र करून ही व्यवस्था प्रथम बसविली. त्याची अडचण अगदी व्यापाऱ्याची होती. चषकाच्या सामन्यात संघ हरला की त्याचा हंगामच संपे. मग प्रेक्षक कोठून यावे आणि खेळाडूंचे पगार कोठून द्यावे? तेव्हा प्रत्येकाने प्रत्येकाशी ठरलेल्या तारखेस खेळावे, असे त्याने ठरविले. पुढे १८९२ मध्ये दुसरा गट निघाला, आणि वर चढणे व खाली उतरणे सुरू झाले. दुकानाच्या हिशेबातून निघालेल्या या युक्तीने जगातील असंख्य दुबळ्या संघांस एक मोठा हक्क मिळवून दिला. तो हक्क म्हणजे हरल्यानंतरही पुन्हा बोलावले जाण्याचा.

या हक्काचा उपभोग घेणारे लोक किती दूरदूर पसरले आहेत, हे आम्हास आमच्या धंद्यामुळे कळले. बीटच्या साखरेविषयी वाचीत असता सर्बियाच्या उत्तरेकडील व्होयव्होदिना प्रांतातील त्सर्वेंका या गावाची माहिती आम्हास मिळाली होती. तेथे साखरेचा कारखाना आहे, आणि फुटबॉलचा संघही आहे. १९७०–७१ च्या एकाच हंगामात हा संघ त्या वेळच्या युगोस्लाव्हियाच्या सर्वांत वरच्या गटात, बेलग्रेडच्या बलाढ्य संघांच्या पंगतीस बसला, आणि लगेच खाली उतरला. त्या देशात वरच्या दोन गटांखाली प्रादेशिक गट, त्यांखाली विभागीय, त्यांखाली जिल्ह्याचे, अशी उतरंड आहे, आणि तिच्या तळाशी खेड्याखेड्यांचे संघ दर आठवड्यास खेळत असतात. तेथेही बीट कारखान्यात येऊ लागते तेव्हा मैदानावर खेळ रंगलेला असतो. तेथेही कोणी दादा जर्सी वाळत घालीत असेल, आणि त्याचा कोणी शहाणा धाकटा भाऊ कपाळास आठ्या घालीत असेल, याविषयी आम्हास शंका नाही.

शेवटच्या सामन्यास आम्ही कोल्हापुरास गेलो. दादांना घरी धरून ठेवावे, हा जाहीर हेतू. बीडहून रात्रीच्या एस.टी.त बसलो आणि सकाळी गल्लीत उतरलो. दादा वाळले होते. पण आमच्या हातातील पिशवी घेण्याची सवय सुटली नव्हती. मागच्या भिंतीकडे आम्ही पाहिले नाही असे दाखविले. ते त्यांनी पाहिले. जेवणानंतर ते एक जाड वही घेऊन आले. एका अंगास १९८४ पासूनच्या प्रत्येक सामन्याचा निकाल लिहिला होता, दुसऱ्या अंगास घरखर्च. २०१९ च्या पानावर विटा, वाळू, सिमेंट यांच्या खाली बुटांचे बारा जोड, चेंडू, हातमोजे असे सगळे तपशीलवार मांडून शेवटी लिहिले होते: 'बाळूचे देणे, अठरा हजार.' त्याखाली दर महिन्यास पाचशे, कधी तीनशे, अशा जमा रकमा होत्या. "अजून साडेचार हजार कमी हाईत," दादा म्हणाले, "भरलं की पाठवणार हुतो." हिशेबाचा आम्हास केवढा अभिमान! आणि आपल्या नावाचे खाते कोणी इतक्या इमानाने चालवीत आहे, याची पाच वर्षे आम्हास वार्ताही नव्हती. आम्ही वही मिटविली आणि विचारले, "सामना किती वाजता?"

वैद्यांची आज्ञा आम्ही निम्मी पाळली. रिक्षाने नेले, झाडाच्या सावलीत खुर्ची ठेविली, आणि ओरडावयाचे नाही असे वचन घेतले. दादांनी ते पाळले. संबंध वेळ आमचे मनगट मात्र असे घट्ट धरून ठेविले की, त्यांच्या नाडीपेक्षा आमचीच नाडी तपासावयाची वेळ आली. पहिल्या अर्ध्या भागात आमच्या रिक्षावाल्याने गोल केला. दुसऱ्या भागात, सामना संपावयास थोडाच अवकाश असता, एक साधा, जमिनीवरून आलेला चेंडू पुतण्याच्या हातांतून निसटला आणि रेषा ओलांडून गेला. एकास एक. शिट्टी झाली. समोरच्या संघाची मुले एकमेकांच्या गळ्यात पडली. त्यांना बरोबरीच पुरेशी होती. आमचा पुतण्या गोलच्या खांबास टेकून बसून राहिला.

आता दादांचे काय होते, या भीतीने आम्ही वळून पाहिले, तो ते खुर्चीवरून उठून चेंडू मोजीत होते. पाच होते, सहावा कुंपणाच्या पलीकडे गेलेला होता. तो आणावयास त्यांनी एका पोरास पिटाळले. मग सावकाश चालत ते मुलांकडे गेले. अठरा वर्षांचा एक खेळाडू हुंदके देत होता. त्याच्या पाठीवर थाप मारून दादा म्हणाले, "रडतोस काय लेका? खालच्या गटात बी चेंडू गोलच असतोय." पुतण्याला ते काहीच बोलले नाहीत, त्याचे ओले हातमोजे काढून घेतले आणि पिळून खांद्यावर टाकले. २०१९ च्या हिशेबात लिहिलेले हातमोजे ते हेच काय, असे विचारण्याचे आमच्या जिभेवर आले होते; पण शिवणी उसवलेल्या त्या मोज्यांकडे पाहिल्यावर विचारण्याचे कारण उरले नाही.

आम्ही आजवर समजत होतो की, खालच्या गटात खेळणारी माणसे वर जाण्यासाठी खेळतात, आणि वर जाता येत नाही म्हणून ती अयशस्वी. त्या दिवशी आमची समजूत फिरली. वर जाण्याची इच्छा त्यांनाही असतेच. परंतु ती न पुरली तरी रविवार येतो, अकरा माणसांना एकमेकांची गरज लागते, आणि कोणी तरी लिंबे चिरून वाट पाहत असतो. आयुष्यात आपल्यापैकी बहुतेकांचा गट खालचाच आहे. कारखान्यातही दरसाल विक्रमी गाळप होत नाही. उतारा कमी पडला म्हणून पुढच्या दिवाळीस बॉयलर पेटवावयाचा कोणी राहत नाही. आम्ही मात्र सख्ख्या भावाशी बाद पद्धतीने वागलो होतो. एक सामना तो हरला, आणि आम्ही त्यास स्पर्धेतून काढून टाकले. त्याने आमचे नाव वहीतून कधीच काढले नव्हते.

अंकुशनगरास परत आलो तेव्हा आमचाही हंगाम आटोपत आला होता. दोन दिवसांनी कारखान्याचा शेवटचा लांब भोंगा झाला. शहागडच्या बाजूस मजुरांच्या गाड्या रांगेने चालल्या होत्या. वर भांडीकुंडी, कोंबड्यांची डालगी आणि त्यांवर बसलेली मुले. आम्ही त्याच दिवशी बँकेत जाऊन दादांच्या नावे चाळीस हजार रुपये पाठविले. या खेपेस ते भिंतीसाठी की बुटांसाठी, हे आम्ही लिहिले नाही. रविवारी दुपारी नेहमीच्या वेळेस फोन वाजला. "आज सामना न्हाई," दादा म्हणाले, "पण म्हटलं, तू वाट बघत असशील."

आम्ही खरोखरच ओसरीवर फोनपाशी बसलो होतो.